'लंकादहन' (१९१७) : आवाज बंद करून बघा

दादासाहेब फाळक्यांच्या 'लंकादहन'चा जो तुकडा शिल्लक राहिलाय तो काल रात्री ऑनलाइन सापडला, जेमतेम काही मिनिटांचा आहे, पण मी लागोपाठ तीनदा बघितला.

आमच्याकडे आजी सुंदरकांड वाचायची त्यामुळे अशोकवन लहानपणापासून कानावर आहे. वाल्मीकींचा हनुमान झाडात लपून बसतो आणि सीतेशी बोलायचं कुठल्या भाषेत याचाच विचार करतो, पंडितासारखं संस्कृत बोललो तर हिला वाटेल रावणच आलाय, घाबरेल बिचारी, म्हणून साध्या माणसांच्या बोलीत बोलायचं ठरवतो. मला काव्यातली ही जागा फार म्हणजे फार आवडते. आता मूकपटात भाषेचा प्रश्नच येत नाही, मग उरतं काय, तर खाली सीता, वर झाडात हनुमान, आणि ओळख पटवायला रामाची अंगठी. आख्खा सर्ग गेला याचं मला आधी वाईट वाटलं पण खरं सांगते, ती धाकधूक गेली नाहीये, ती आता आपल्याला लागते, हा खाली कधी उतरणार म्हणून. आणि तेव्हाच्या लोकांना गोष्ट पाठच होती की, फाळक्यांना समजावत बसायची गरजच नव्हती. पडद्यावर राम आला की प्रेक्षक पायातल्या चपला काढायचे म्हणतात.

राम आणि सीता दोन्ही अण्णा साळुंके! १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'मधली तारामती पण तेच, फाळक्यांना ते ग्रँट रोडच्या एका हॉटेलात काम करताना सापडले होते. सीतेचे दंड चांगले भक्कम दिसतात, पहिल्यांदा माझी नजर तिथेच अडकली, दुसऱ्यांदा बघताना मात्र फक्त सीता दिसली. शंभर वर्षांपूर्वी, कॅमेऱ्यासमोर कसं वागायचं हे शिकवणारं कोणी नसताना, हे जमवलंय.

तक्रार फक्त अपलोड करणाऱ्याबद्दल. वरून कीबोर्डवरचं ढणढण भजन चिकटवलंय आणि पिक्चर इतकं फास्ट पळतं की माणसं तुरुतुरु चालतात. आवाज बंद करा, स्पीड ०.७५ वर ठेवा, एकदम फरक पडतो. आणि मोबाइलवर नको, टीव्हीला जोडा, छोट्या स्क्रीनवर हनुमान फांद्यांमध्ये हरवून जातो.