दफनभूमीच्या परवान्यावरील हरकतीसाठी घेतलेली कायदेशीर सल्लासेवा: एक अनुभव

आमच्या घरांमागील मोकळ्या जमिनीवर दफनभूमीचा परवाना मिळावा, असा अर्ज दाखल झाल्याची जाहीर नोटीस लागली, तेव्हा आम्ही तीन कुटुंबांनी मिळून हरकत नोंदवण्यासाठी एका सल्लासेवेची मदत घेतली. स्थानिक स्वराज्य संस्थांकडील परवान्यांची प्रकरणे हाताळणे हेच तिचे मुख्य काम आहे. आता सुनावणी पूर्ण होऊन लेखी आदेश हाती आला आहे, म्हणून या सेवेबद्दल सविस्तर लिहीत आहे.

आम्ही तयार केलेल्या हरकतीत अकरा मुद्दे होते आणि सल्लासेवेच्या वकीलबाईंनी पहिल्याच बैठकीत त्यांपैकी आठ खोडले. घरांची किंमत उतरेल, मुले घाबरतील, खिडकीतून अंत्यविधी दिसतील, हे सारे त्यांनी शांतपणे ऐकून घेतले आणि मग एकच प्रश्न विचारला: "तुमची पिण्याच्या पाण्याची विहीर नेमकी कुठे आहे?" त्या क्षणी मला त्यांचा थोडा राग आला होता, हे मान्य केले पाहिजे. मात्र परवाना देणारा अधिकारी नियमांत बसणाऱ्या कारणांवरच निर्णय देऊ शकतो आणि कमकुवत मुद्द्यांच्या गर्दीत सबळ मुद्दा हरवतो, हे त्यांचे म्हणणे सुनावणीच्या दिवशी पुरते पटले.

अंतराच्या प्रश्नावर या सेवेने घेतलेली मेहनत मला सर्वांत मोलाची वाटते. अशा वादांत किमान अंतर किती यापेक्षा ते कुठून कुठपर्यंत मोजायचे यावरच अधिक भांडण होते. घराच्या भिंतीपासून की कुंपणापासून, जमिनीच्या हद्दीपर्यंत की सर्वांत जवळच्या कबरीपर्यंत, याचे उत्तर त्या त्या नियमाच्या शब्दांत शोधावे लागते. उदाहरणार्थ, तामिळनाडूच्या ग्रामपंचायतींसाठीच्या १९९९ च्या नियमांत दफनासाठी राहत्या घरापासून आणि पिण्याच्या पाण्याच्या स्रोतापासून ९० मीटरची अट आहे, तर इंग्लंडच्या १८५५ च्या कायद्यात राहत्या घरापासून १०० यार्डांची, म्हणजे सुमारे ९१ मीटरची मर्यादा असून घराचा मालक, पट्टेदार व रहिवासी यांच्या लेखी संमतीने ती शिथिल होते. अर्जदारांच्या नकाशात अंतर जमिनीच्या मध्यबिंदूपासून धरले होते. सल्लासेवेने स्वतंत्र मोजणी करून घेतली आणि दोन्ही पक्षांच्या उपस्थितीत पुन्हा मोजणी व्हावी, अशी मागणी केली. आमच्यातील एका कुटुंबाने नोटिशीनंतर बांधलेली खोली मोजणीत धरावी, असा आग्रह धरला होता. वकीलबाईंनी त्याला साफ नकार दिला, आणि तो योग्यच होता.

पाण्याच्या मुद्द्यासाठी त्यांनी जागतिक आरोग्य संघटनेच्या युरोप विभागाचा १९९८ चा अहवाल सादर केला. पिण्याच्या पाण्याची विहीर, कूपनलिका किंवा झरा यांपासून २५० मीटरच्या आत दफन करू नये आणि खड्ड्याचा तळ भूजलाच्या नैसर्गिक कमाल पातळीपेक्षा किमान १ मीटर वर असावा, अशी त्यात शिफारस आहे. ही शिफारस आहे, बंधनकारक कायदा नाही, हे त्यांनी आम्हाला आणि अधिकाऱ्यांनाही स्पष्ट सांगितले. भूजलाची तपासणी पावसाळ्याअखेर, म्हणजे पातळी सर्वांत वर असताना व्हावी, हा त्यांचा आग्रहही मान्य झाला. उन्हाळ्यातील तपासणीवर समाधान मानले असते, तर विहिरीला असलेला धोका कागदावर दिसलाच नसता.

त्यांनी आम्हाला मुंबई उच्च न्यायालयाचा मे २०२० मधील निकालही वाचायला लावला. वांद्र्याच्या दफनभूमींत कोविडने मृत्यू पावलेल्यांचे दफन होऊ नये, ही परिसरातील रहिवाशांची मागणी न्यायालयाने फेटाळली होती आणि सन्मानपूर्वक दफनाचा हक्क संविधानाच्या अनुच्छेद २१ मध्ये, म्हणजे जीविताच्या हक्कात, अंतर्भूत असल्याचे म्हटले होते. हरकतदाराच्या बाजूने उभ्या असलेल्या वकिलाने हा निकाल आधी आपल्याच अशिलापुढे ठेवावा, याचे मला विशेष वाटले. परवाना मागणाऱ्या कुटुंबांना आपली माणसे पुरण्यासाठी जवळपास जागाच नव्हती, हे आम्ही तोपर्यंत विचारातही घेतले नव्हते.

उणिवाही सांगितल्या पाहिजेत. मोजणी आणि भूजल तपासणी यांचा खर्च मूळ शुल्कात धरलेला नाही, हे आम्हाला उशिरा कळले. तो अंदाज पहिल्याच बैठकीत लेखी मिळायला हवा होता. सुनावणीची तारीख पुढे गेल्याचा निरोप दोनदा आदल्या रात्री आला. आदेशाची प्रमाणित प्रत मिळवण्यासाठीही आम्हालाच वारंवार विचारणा करावी लागली, आणि अपिलाची मुदत चालू असताना अशी ढिलाई महागात पडू शकते.

परवाना अखेर मंजूर झाला, मात्र विहिरीकडील पट्टा दफनासाठी वगळण्याची आणि विहिरीच्या पाण्याची वर्षातून दोनदा तपासणी करण्याची अट घालून. आम्ही अपील केलेले नाही. दफनभूमी कोणत्याही परिस्थितीत होऊच नये, असे ज्यांचे म्हणणे असेल, त्यांचे या सेवेकडून समाधान होणार नाही. मात्र ज्यांची पाणी, अंतर किंवा मोजणीविषयी खरी तक्रार आहे, त्यांनी नोटीस लागताच, हरकतीची मुदत संपण्यापूर्वी, खर्चाचा लेखी अंदाज मागून अशाच सेवेची मदत घ्यावी. पाण्याच्या पहिल्या तपासणीचा अहवाल यायचा आहे आणि तो तपासून देण्याचे काम आम्ही पुन्हा यांच्याकडेच सोपवले आहे.