जे. जे. केल : नऊ महिने रोज वापरून झाल्यावर

आधी कबुली देऊन टाकतो. कॉलेजात गिटार हातात आली तेव्हा पहिल्या महिन्यात जे चार-पाच तुकडे बोटांत बसले, त्यात ‘कोकेन’चा तुकडा होता. आमच्या कट्ट्यावर तो सगळ्यांना यायचा आणि सगळे तो एरिक क्लॅप्टन या गाजलेल्या ब्रिटिश गिटारवाल्याचा म्हणूनच वाजवायचे. एकदा कुणीतरी कॅसेटच्या कागदावर गाण्यापुढे कंसात बारीक अक्षरांत ‘जे. जे. केल’ असं वाचलं. आम्हाला वाटलं, कंपनीचा वकीलबिकील असेल. त्यानंतर पंचवीसेक वर्षं त्या कंसाकडे मी वळून पाहिलं नाही.

मागच्या जूनमध्ये पाहिलं, तेही कानांमुळे. मी मालिकांचं साउंड मिक्सिंग करतो. दिवसाचे दहा तास हेडफोन, आणि त्यात सासू ओरडतेय, सून ओरडतेय, दोघी थांबल्या की ढॅण्ण. कानात शिट्टी वाजायला लागली तेव्हा कानाच्या डॉक्टरांनी सांगितलं, घरी गाणी ऐकायचीच तर अगदी हळू आवाजात. आता हळू आवाजात चालणारं रॉक संगीत आणायचं कुठून? ते बनतंच मुळी शेजाऱ्यांना ऐकू जावं म्हणून. शोधता शोधता केलपाशी, म्हणजे ‘कोकेन’ मुळात ज्यानं लिहिलं त्या अमेरिकन गायक-गिटारवाल्यापाशी आलो आणि ठरवलं की एक-दोन गाणी चाखून सोडायची नाहीत. पहिल्या ‘नॅचरली’पासून २००९च्या ‘रोल ऑन’पर्यंत त्याचे स्वतःचे चौदा अल्बम क्रमानं ऐकायचे, रोज रात्री एक बाजू. हा अनुभव त्या नऊ महिन्यांचा.

पहिला महिना वाईट गेला, हे लपवत नाही. घरात एक छोटा ब्लूटूथ स्पीकर होता, ऑनलाइन सेलमध्ये घेतलेला. त्यावर ‘नॅचरली’ लावला तर बेस गायब, आवाज गायब, उरली नुसती टिकटिक. पाच मिनिटं मी भिंतीवरचं घड्याळ ऐकल्यासारखा बसलो होतो. आई शेजारी मेथी निवडत होती. म्हणाली, “हा माणूस गातोय का शेजारच्या खोलीत कुणाशी बोलतोय?”

त्यामुळे पहिली सूचना हीच: मोबाइलच्या स्पीकरवर हा माणूस वापरू नका. साधा वायरचा हेडफोन चालेल, जुन्या म्युझिक सिस्टिमचे लाकडी खोके असतील तर फारच छान. मी माळ्यावरचे खोके काढले, धूळ झटकली, आणि तेव्हा कुठे आईचं वाक्य नीट समजलं.

कारण आवाज खरंच शेजारच्या खोलीत आहे. त्यानं तो मुद्दाम तिथे ठेवलाय.

‘कॉल मी द ब्रीझ’ घ्या, पहिल्याच अल्बमचं पहिलंच गाणं. आधी यंत्राचा ठेका सुरू होतो. ढोलकीवाला माणूस नाही, खोकं. १९७०च्या दशकाच्या सुरुवातीला रॉकच्या रेकॉर्डवर असं खोकं वापरणारे हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. मग गिटार येते, तीही कडेकडेनं, पाहुणा चप्पल काढून आत यावा तशी. मग आवाज. आमच्या धंद्यात आवाज सगळ्यात पुढे ठेवायचा, हा पहिला धडा. शब्द कळला नाही तर चॅनेलवाल्यांचा फोन येतो. केलनं आवाजाचा फेडर, म्हणजे आवाज कमी-जास्त करायची सरकती खुंटी, दोन बोटं खाली ओढून गिटारच्या मांडीला मांडी लावून बसवलाय. बऱ्याच गाण्यांत तर त्याच ओळीवर स्वतःचाच आवाज पुन्हा रेकॉर्ड करून खाली अंथरलाय. त्यामुळे एक माणूस गातोय असं वाटत नाही, दोन भाऊ एकमेकांत पुटपुटतायत असं वाटतं. शब्द पकडायचे तर आपल्याला पुढे वाकावं लागतं. मी खुर्चीत खरोखर पुढे वाकून बसलो होतो, हे नंतर लक्षात आलं.

हे अपघातानं झालेलं नाही. माणूस मुळात माझ्याच जातकुळीतला, रेकॉर्डिंग इंजिनियर. जन्म १९३८चा, ओक्लाहोमा सिटीचा, वाढला टल्सामध्ये. टल्सा हे तेलाच्या पैशावर उभं राहिलेलं गाव. तिथल्या क्लबांत ब्लूज, कंट्री, रॉकबिली, थोडं जॅझ, सगळं एकाच रात्री एकाच स्टेजवर वाजायचं. तिथल्या मुलांचं वाजवणंही त्यामुळे असं एकात एक मिसळलेलं. १९६४ला लिऑन रसेल, कार्ल रॅडल यांच्यासारखी टल्साची पोरं लॉस एंजेलिसला गेली, त्यात हाही होता. तिथे स्टुडिओत बटणं फिरवायची, रात्री क्लबात वाजवायचं. नाव जॉन केल. पण न्यूयॉर्कच्या ‘वेल्वेट अंडरग्राउंड’ बँडमध्ये त्याच नावाचा एक जण होता, म्हणून ‘व्हिस्की अ गो गो’ क्लबच्या मालकानं सुचवलं, तू जे. जे. हो. झाला. दुसऱ्यानं दिलेलं नाव जन्मभर वापरलं.

चाललं मात्र काहीच नाही. १९६७च्या शेवटी गिटार विकून तो टल्साला परत आला.

आणि इथे ‘आफ्टर मिडनाइट’ची गंमत आहे, जी मला सहाव्या महिन्यात कळली. हे गाणं त्यानं १९६६लाच छोट्या रेकॉर्डवर काढलं होतं, बऱ्यापैकी जलद लयीत. कुणी विचारलं नाही. फिरत फिरत ते क्लॅप्टनच्या हाती लागलं आणि १९७०ला त्यानं ते तसंच धावतं गायलं. केलला याचा पत्ताच नव्हता. गाणं गाजल्यावर त्यानं ते रेडिओवर ऐकलं. तिशी उलटलेली, खायची भ्रांत, आणि रेडिओवर आपलंच गाणं. मग नॅशव्हिलचे निर्माते ऑडी ॲशवर्थ यांच्या मदतीनं पहिला अल्बम झाला आणि त्यात त्यानं हेच गाणं पुन्हा घेतलं. जगाला जलद आवडलेलं गाणं यानं स्वतः मात्र संथ करून टाकलं. म्हणजे गाडी नुकतीच पकडलीय आणि हा बाबा ब्रेक दाबतोय! पुढे १९८७ला क्लॅप्टननं बिअरच्या एका जाहिरातीसाठी ते परत गायलं, तेव्हा लय संथच होती. चारही एकापाठोपाठ ऐकून पाहा. मी एका रविवारी दुपारी ऐकली आणि चहा गार झाला.

करिअर म्हणावं तर एवढंच. बाकी सगळं दुसऱ्यांनी केलं. ‘कॉल मी द ब्रीझ’ १९७४ला लिनर्ड स्किनर्ड या रॉक बँडनं दुप्पट लांब आणि चौपट मोठं केलं. केलच्या १९७६च्या ‘ट्रूबडूर’मधलं ‘कोकेन’ क्लॅप्टननं पुढच्याच वर्षी घराघरांत पोचवलं. १९८१ला सँटाना या बँडनं ‘सेन्सिटिव्ह काइंड’ घेतलं. हा गाणी लिहायचा, बारीक आवाजात गाऊन ठेवायचा, मग दांडगे लोक येऊन ती उचलून न्यायचे आणि घरी मनीऑर्डर यायची. बरीच वर्षं तो ट्रेलरमध्ये राहिला, म्हणजे चाकांवरच्या घरात. ‘नॅचरली’च्या कव्हरवर त्याचा फोटोसुद्धा नाही. कोट आणि उंच टोपी घातलेला रकून आहे, रकून म्हणजे तिकडचं एक मुंगसापेक्षा थोराड, डोळ्यांवर काळी पट्टी असलेलं जनावर. चोरासारखं दिसतं. हा तर उलट स्वतःच्याच वस्तू दारात ठेवून आत जाणारा.

त्याच्या स्वतःच्या गाण्यांतलं सगळ्यात वर गेलेलं ‘क्रेझी मामा’, १९७२ला अमेरिकेतल्या गाजलेल्या गाण्यांच्या बिलबोर्ड यादीत बाविसाव्या क्रमांकावर. ते आणखी वर गेलं असतं. ‘अमेरिकन बँडस्टँड’ या टीव्ही कार्यक्रमाचं बोलावणं आलं होतं. अट अशी की साथीदार आणायचे नाहीत आणि रेकॉर्ड वाजत असताना नुसते ओठ हलवायचे. हा नाही म्हणाला. मी रोज दुसऱ्याच्या आवाजावर ओठ जुळवणारा माणूस, त्यामुळे हा किस्सा मला जरा लागला. पण खरं सांगू? मी असतो तर गेलो असतो. बाविसाव्याचं बारावं होत असेल तर ओठ काय, कानही हलवले असते.

आता गिटारकडे येतो, कारण निम्मे वाचक त्यासाठीच इथवर आले असतील.

ऐकायला सोपं आहे. वाजवायला बसलात की तीन दिवसांत माज उतरतो. सूर अवघड नाहीत, बहुतेक ओळखीचेच आहेत. अवघड आहे ते सुरांमधलं थांबणं. लय शफलची, म्हणजे चालताना एक पाय किंचित ओढल्यासारखी, आणि त्यावर हा अगदी केसभर उशिरा येतो. तेवढाच उशीर करायला गेलो की मी एकतर वेळेवर पोचतो, नाहीतर गाडी सुटते. बेस वाजवणारा जुना मित्र दोन शनिवार येऊन बसला. त्याचं निदान: “तू उशीर करायची पण घाई करतोस.” डिसेंबरपर्यंत मी ‘क्रेझी मामा’चा ठेका धरू शकलो. ‘मॅग्नोलिया’ अजून जमलेलं नाही. तिथे जवळजवळ काहीच नाही वाजवायला, आणि तेच जमत नाही.

त्याची गिटारही बघण्यासारखी. १९७९ला लिऑन रसेलच्या लॉस एंजेलिसमधल्या स्टुडिओत चित्रित झालेली मैफल उपलब्ध आहे, ती जरूर बघा. हार्मनी कंपनीची स्वस्तातली लाकडी गिटार, तिची पाठ काढून टाकलेली, आत पिकअप, म्हणजे तारांचा आवाज टिपणारे चुंबकी तुकडे, बसवलेले, मागून सगळ्या वायरी उघड्या. आपल्याकडे रेडिओ दुरुस्तीवाला दुकानातला स्वतःचा रेडिओ तसाच उघडा वाजवायचा, तसलं प्रकरण. आणि आवाज कसा, तर मऊ, गोल, कडा घासलेला. माझ्याकडे तिच्या वीसपट किमतीची गिटार आहे. असो.

तक्रारी आहेतच.

पहिली, एकसुरीपणा. सलग तीन अल्बम ऐकले की कुठलं गाणं कुठल्या अल्बमचं ते सांगता येत नाही. रोज एक बाजू हे प्रमाण बरोबर, ओव्हरडोस केला तर जेवणानंतरच्या डुलकीसारखं होतं. दुसरी, १९८०नंतरचा काळ. ‘ग्रासहॉपर’ आणि ‘एट’ मी प्रत्येकी दोनदा ऐकले ते शिस्त म्हणून. त्यानंतर हा कित्येक वर्षं अल्बमच काढत नाही, ते मला बरंच वाटलं. १९९६चा ‘गिटार मॅन’ बराचसा त्यानं एकट्यानं घरी केलाय. सिंथेसायझरचा थर असा की नावातली गिटार शोधावी लागते. तिसरी, गाणी लवकर संपतात. ‘नॅचरली’त बारा गाणी आणि सगळा अल्बम जेमतेम बत्तीस मिनिटांचा. गिटार कुठे खुलायला लागते, तर आवाज हळूहळू खाली जातो आणि गाणं संपतं. पहिल्या दोन महिन्यांत मला याचा राग यायचा. आता ती मावळण्याची दहा सेकंदं मी आवाज वाढवून ऐकतो, कारण सगळ्यात छान वाजवणं नेमकं तिथे लपवलेलं असतं.

आणखी एक, ही तक्रार त्याच्याबद्दल नाही. मी वापरतो ते ॲप अल्बम संपला की आपण होऊन क्लॅप्टन लावतं. मेल्यावरही माणसाला पुढे उभं राहू देत नाहीत.

क्लॅप्टनवर मात्र राग धरता येत नाही. २००६ला त्यानं केलसोबत ‘द रोड टू एस्कॉन्डिडो’ केला. आधी त्याला केल फक्त निर्माता म्हणून हवा होता, मग दोघांचा मिळून अल्बम झाला आणि त्याला ग्रॅमीही मिळालं. तिथे गंमत अशी की बऱ्याच ओळींत कोण गातोय तेच कळत नाही. तीसेक वर्षं एक जण दुसऱ्यासारखा होत होता, शेवटी झाला. २६ जुलै २०१३ला केल हृदयविकारानं गेला, चौऱ्याहत्तरावं वर्ष पूर्ण केलेलं.

कुणी घ्यावा? स्वयंपाक करताना, रात्री गाडी चालवताना, पोरं झोपल्यावर ज्यांना काहीतरी लागतं त्यांनी. व्यायामाला चालणार नाही, पार्टीत तर कुणाला कळणारही नाही की काही लावलंय. सुरुवात ‘नॅचरली’नं करा, मग थेट ‘ट्रूबडूर’, मग मधले दोन. २००४चा ‘टू टल्सा अँड बॅक’ शेवटी ठेवा. म्हातारा आवाज आणखी एक खोली मागे गेलाय तिथे.

कानातली शिट्टी गेली नाही, पण कमी आहे. फेब्रुवारीत एका मालिकेत बाप-लेकीचा प्रसंग होता, मी बापाचा आवाज जरा खाली ठेवून मागची पंख्याची घरघर वर घेतली. दिग्दर्शिका बाई पाच सेकंद ऐकत राहिल्या. मग म्हणाल्या, “दादा, छान वाटतंय, पण वर घ्या.” घेतला.

काल रात्री त्याचा ‘ओकी’ अल्बम लावला होता. आई तिच्या खोलीत आडवी झाली होती, म्हणून दार लोटायला गेलो. म्हणाली, “राहू दे अर्धं उघडं. तो बोलतोय ना शेजारी.”