आंबे भरता भरता ऐकलेले अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष (ऑडिओ सिरीज, ५ पैकी साडेतीन)

आधीच सांगतो, अ‍ॅपचं नाव लिहिणार नाही कारण त्यांच्याशी माझं पैशांवरून वाजलंय, ते खाली येईलच. मराठी ऑडिओ सिरीज आहे, अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष आणि त्यांचे मोठे निर्णय असा विषय, २४ एपिसोड, कुठला वीस मिनिटांचा तर कुठला पाऊण तासाचा. मी देवगड तालुक्यातला, एप्रिल-मे मध्ये रात्री अकरा-बारापर्यंत पडवीत पेट्या भरणं चालू असतं, पेंढ्याचा थर, त्यावर फळं, परत पेंढा, हात कामात आणि कान मोकळे. गाण्यांचा वीट आला होता आणि बातम्या लावल्या की गड्यांची आपसात जुंपते, म्हणून ही घेतली.

पहिले दोन एपिसोड सरळ सोडा. वॉशिंग्टनवर शाळेच्या पुस्तकासारखं वाचन आहे, एकच गोष्ट घ्यायची, की दोन टर्म झाल्यावर १७९७ मध्ये माणूस स्वतःहून घरी गेला, जा म्हणणारा कुठलाच कायदा नव्हता. ती रीत पुढे फ्रँकलिन रूझवेल्टने मोडली, चार वेळा निवडून आला, मग १९५१ मध्ये दुरुस्ती करून दोन टर्मचा नियम कागदावर आणावा लागला. आमच्याकडे ग्रामपंचायतीत हा एपिसोड लाऊडस्पीकरवर लावायला हवा, असो.

खरी मजा जेफरसनपासून. १८०३ ची, फ्रान्सकडून केलेली लुईझियानाची खरेदी. मला वाटायचं एखादा जिल्हा बिल्हा असेल, तर नाही, ८ लाख २८ हजार चौरस मैल, देश जवळजवळ दुप्पट, आणि किंमत दीड कोटी डॉलर, म्हणजे एकरी जेमतेम तीन सेंट! आणि माणसं पाठवली होती कशासाठी तर न्यू ऑर्लिन्स बंदर आणि आजूबाजूचं थोडं मिळतंय का बघायला. नेपोलियनची हैतीतली फौज पिवळ्या तापाने आणि तिथल्या बंडखोर गुलामांनी संपवली होती, इंग्लंडशी परत युद्ध दारात होतं, पैसा हवा होता, तो म्हणाला सगळंच घ्या. आता पॅरिसमध्ये बसलेल्या अमेरिकेच्या दूतांना एवढ्या सौद्याचा अधिकारच नव्हता आणि विचारायचं म्हटलं तर पत्राला समुद्र ओलांडायलाच महिना-दीड महिना. सही करून टाकली. इकडे जेफरसनला टेन्शन, घटनेत जमीन विकत घेण्याचं कलमच नाही, आधी दुरुस्ती करू म्हणत होता, पण तोवर समोरचा फिरला तर काय, म्हणून स्वतःचंच तत्त्व गुंडाळून ठेवलं. आमच्याकडे सातबाऱ्यावर सतरा नावं असतात, अर्धी मुंबईत, दोन दुबईत, एक वारलेलं, तरी मुंबईचा पार्टीवाला टोकन घेऊन आला की लोक म्हणतात आधी घे मग बघू, त्यामुळे हा एपिसोड सगळ्यांना न सांगता समजला. बाकीचे हसत होते तेव्हा आबांनी मधेच विचारलं, "आणि थय रवणारे?" तिथे राहणाऱ्या मूळ जमातींना कोणी विचारलंच नव्हतं. कूळ जमिनीवर आणि मालक परस्पर विकून मोकळा. सिरीजमध्ये यावर एक वाक्य आहे, फक्त एक, तिथे माझा अर्धा स्टार गेला.

लिंकनचा एपिसोड उत्तम. आपल्याला शाळेत शिकवलं लिंकनने गुलामगिरी बंद केली, संपलं. इथे कळतं की यादवी युद्ध चालू असताना गुलाममुक्तीचा जाहीरनामा १८६२ च्या उन्हाळ्यातच तयार होता, पण मंत्री सीवर्ड म्हणाला आत्ता काढलास तर हरत चाललेल्या माणसाची धडपड वाटेल, आधी एक लढाई जिंक. मग अँटिएटमची लढाई झाली, धड जिंकले असंही नाही पण बंडखोरांचा सेनापती ली मागे हटला, तेवढं पुरलं आणि २२ सप्टेंबरला जाहीर केलं. १ जानेवारी १८६३ ला सही करायच्या वेळी सकाळपासून नवीन वर्षाचे शेकहँड करून करून त्याचा हात थरथरत होता, तर म्हणे थांबला, सही वाकडी आली तर लोक म्हणतील याचं मन डगमगलं. आणि तेव्हाही मुक्ती बंडखोर राज्यांपुरतीच, आपल्या बाजूच्या गुलाम राज्यांना हात लावला नाही, पूर्ण बंदी घटनादुरुस्तीने १८६५ च्या डिसेंबरात आली. वेळ साधणं म्हणजे काय ते बागायतदाराला वेगळं सांगायला नको, चौदा आणे तयार झालेलं फळ काढायचं असतं, बारा आण्याला काढलं तर भाव मिळतो पण चव जाते, सोळा आण्याची वाट बघितली तर पेटीतच पिकतं.

ट्रूमनच्या एपिसोडला मागे बासरी कशाला लावलीय देव जाणे, पण मजकूर भारी. उपाध्यक्ष होऊन फक्त ८२ दिवस, १२ एप्रिल १९४५ ला रूझवेल्ट गेला आणि हा राष्ट्राध्यक्ष, अणुबॉम्बची सगळी माहिती याला मिळाली २५ एप्रिलला! पुढची गोष्ट मला अजिबात माहीत नव्हती, की जुलैच्या लेखी आदेशातच होतं, पहिल्या बॉम्बनंतर पुढचे जसे तयार होतील तसे टाकायचे. म्हणजे नागासाकीसाठी वेगळा निर्णय कोणी घेतलाच नाही. १० ऑगस्टला ट्रूमनने सांगितलं की आता मला विचारल्याशिवाय टाकायचा नाही. हे ऐकताना पडवीत कोणी बोलत नव्हतं, नेपाळी पोरगा फळ हातात धरून तसाच बसला होता.

सिरीज चांगली कुठे आहे तर इथेच, जिथे त्या माणसाला त्या दिवशी काय माहीत होतं आणि काय नव्हतं हे सांगतात. जिथे नुसती यादी करतात (१८४० ते १८६० चे सगळे एका दमात, कोण आला कोण गेला कळत नाही) तिथे खुशाल फॉरवर्ड करा. वाचणाऱ्या बाई एकाच राज्याला एका एपिसोडात अर्कान्सास म्हणतात आणि दुसऱ्यात आर्कन्सॉ, पण आवाज गोड आहे.

आता तक्रारी. निक्सनला ४० मिनिटं, त्यात ३० वॉटरगेट (ज्या भानगडीत त्याची खुर्ची गेली ती) आणि १९७१ ला चार मिनिटं. आबा तेव्हा लालबागला गिरणीत होते, खिडक्यांना काळे कागद लावून अंधारात बसलेले, सातवं आरमार बंगालच्या उपसागरात येतंय ही बातमी त्यांनी रेडिओवर ऐकलेली. नाव ऐकल्यावर खुर्ची पुढे ओढून बसले. सिरीजमध्ये एंटरप्राइज जहाज आलं एवढंच, का आलं ते नाही. अरे, चीनशी बोलणी पाकिस्तानच्या याह्याखानाच्या मार्फत चालली होती, जुलैमध्ये निक्सनचा सल्लागार किसिंजर पाकिस्तानातूनच गुपचूप बीजिंगला गेला, ढाक्यातला अमेरिकेचाच अधिकारी आर्चर ब्लड मार्चअखेरपासून कत्तलीच्या तारा पाठवत होता, त्याला गप्प करून बाजूला केला. हे सगळं गाळलं. एपिसोड वॉटरगेटवर गेला तसे आबा माझ्याकडे बघून म्हणाले, "इतक्याच?" आणि उठून झोपायला गेले.

दुसरी तक्रार आमच्या धंद्याची. धाकट्या बुशच्या एपिसोडात ९/११ आहे, इराक आहे, आपल्याशी झालेला अणुकरार आहे, पण आंबा नाही! २००६ च्या मार्चमध्ये तो दिल्लीला आला तेव्हा अणुकराराच्या जोडीला आंब्याचंही ठरलं, १९८९ पासून बंद असलेलं अमेरिकेचं दार उघडलं, २००७ च्या एप्रिलमध्ये पहिला हापूस तिकडे उतरला. अट काय, तर फळमाशी नको, कोयीतला भुंगा नको, म्हणून फळाला विकिरण द्यायचं, ते सुरुवातीला कुठे तर लासलगावला, कांद्यासाठी बांधलेल्या केंद्रात. वर त्यांचा इन्स्पेक्टर समोर हवा. २०२० मध्ये कोरोनामुळे इन्स्पेक्टर आले नाहीत तर निर्यात थेट २०२२ पर्यंत बंद. वॉशिंग्टनच्या निर्णयाची झळ देवगडच्या पट्टीवर (आंब्याच्या विक्रीच्या हिशोबावर) कशी दिसते याचं यापेक्षा सोपं उदाहरण मराठी श्रोत्यांसाठी कुठून आणणार होते हे लोक?

अ‍ॅपबद्दल थोडक्यात. आमच्या वाडीत रेंज म्हणजे विहिरीच्या कठड्यावर उभं राहिलं तर दोन काड्या, त्यामुळे डाउनलोड करून ठेवावं लागतं आणि डाउनलोड केलेलं अर्ध्यात बंद झालं की परत पहिल्यापासून सुरू होतं, चिकाच्या हातांनी फोन पुसत पुसत मी जेफरसन तीनदा जन्माला घातला. वर्ष संपल्यावर न विचारता पुढच्या वर्षाचे पैसे खात्यातून गेले, तीन मेल केले, तिन्हीला "आपला अभिप्राय आमच्यासाठी मोलाचा आहे" हेच उत्तर. घेणार असाल तर पहिल्याच दिवशी ऑटो-रिन्यूअल बंद करा आणि डाउनलोड देवगडला स्टँडवर उभं राहून उरकून घ्या, तिथे रेंज चांगली येते.