‘ताई, थोडे गरम होणारच’: बनावट स्विचमुळे झालेली आमची फसवणूक

गेल्या वर्षी दिवाळी झाल्यावर आम्ही नाशिकमधल्या आमच्या सदनिकेचे वायरिंग नव्याने करून घेतले. इमारतीला पंचवीस वर्षे झाली आहेत, सनमायकाच्या बोर्डांवरची पांढरी पियानो बटणे खिळखिळी झाली होती आणि पावसाळ्यात एका बोर्डातून ठिणगीही उडाली होती, त्यामुळे हा खर्च आणखी पुढे ढकलण्यासारखा नव्हता. ओळखीच्या एका घरी काम केलेला इलेक्ट्रिशियन आला, त्याने पॉइंट मोजले आणि मजुरी व साहित्य मिळून 54,000 रुपयांचा आकडा सांगितला. माल आम्हीच आणून दिला तर चालेल का, असे माझ्या यजमानांनी विचारले, तेव्हा तो म्हणाला, “दादा, दुकानात मला कंत्राटदाराची सूट मिळते, ती तुमच्याच पदरात पडेल. तुम्ही गेलात तर छापील भावाने घ्यावे लागेल.” आम्हाला ते पटले. नामांकित कंपनीची दोन खोकी त्याने आमच्यासमोर फोडली, मॉड्यूलर प्लेटी बसल्यावर भिंती खरोखरच देखण्या दिसू लागल्या, आणि बिल मागितले तेव्हा वहीच्या कागदावर एकूण रक्कम लिहून हातात पडली. त्या कागदावर दुकानाचे नाव नव्हते, कंपनीचे नव्हते आणि स्विचची संख्याही नव्हती, हे तेव्हा आमच्या लक्षात आले नाही.

जानेवारीच्या थंडीत माझ्या सासूबाई पहाटे साडेपाचला उठून गिझर लावत असत. एके दिवशी त्या म्हणाल्या, “अगं, बाथरूमच्या बाहेर सुकटीसारखा वास येतोय, बघ जरा.” आम्ही मोरी धुतली, जाळीत औषध टाकले, माळ्यावर उंदीर मेला असेल म्हणून माळाही रिकामा केला. चार दिवस असे गेल्यावर सासूबाईंच्याच लक्षात आले की वास फक्त पहाटे येतो आणि गिझर बंद केल्यावर अर्ध्या तासात विरतो. मी स्विचवर बोट ठेवले, तर ते तिथे टिकेना. तापलेल्या प्लॅस्टिकचा वास पुष्कळदा असाच मासळीसारखा येतो, हे मला नंतर कळले. म्हणून हे आवर्जून लिहिते आहे: घरात मासळी नसताना तसा वास आला, तर मोरीच्या आधी बोर्ड तपासावा.

त्याच संध्याकाळी इलेक्ट्रिशियन आला. त्याने प्लेट उघडली नाही, वरूनच हात लावला आणि म्हणाला, “ताई, गिझर म्हटला की स्विच थोडा गरम होणारच. तुमच्या हॉलमधला डिमरही गरम लागतो की नाही? मग? विजेची वस्तू आहे ती.” हॉलमधला डिमर, म्हणजे दिवे मंद-प्रखर करायचे बटण, खरोखरच गरम लागत असे. त्यामुळे त्याचे म्हणणे खोडून काढायला माझ्याकडे काही उरले नाही आणि मी गप्प बसले. या एका वाक्यानेच आम्हाला पूर्ण फसवले, कारण त्यात डिमरविषयीचे एक सर्वसाधारण सत्य पुढे करून स्विचविषयीचे असत्य झाकलेले होते.

तीन आठवड्यांनी तो स्विच दाबताना चरचर असा आवाज येऊ लागला आणि त्याच्या कडेने चहाच्या डागासारखी तपकिरी रेघ उमटली. मग एका सकाळी सासूबाईंनी स्विच बंद केला, तरी गिझरवरचा लाल दिवा लागलेलाच राहिला. बटण वर-खाली होत होते, पण आतला प्रवाह तुटत नव्हता. यजमानांनी धावत जाऊन मुख्य बोर्डातला एमसीबी, म्हणजे प्रवाह मर्यादेबाहेर गेला की आपोआप पडणारा खटका, हाताने पाडला. गिझरचा स्विच बंद आहे असे समजून कुणी त्याचे झाकण उघडले असते तर काय झाले असते, याचा विचार आजही मनातून जात नाही.

दुसऱ्या दिवशी आम्ही सासऱ्यांच्या ओळखीच्या एका वयस्क, परवानाधारक वायरमन काकांना बोलावले. त्यांनी आधी मेन बंद केला, टेस्टर लावून खात्री केली आणि मगच तो स्विच सोडवून जेवणाच्या टेबलावर वर्तमानपत्र पसरून त्यावर ठेवला. त्याची पाठ काळवंडली होती. पोटात स्क्रूड्रायव्हर घालून त्यांनी तो फोडला, आणि सोबत आणलेला त्याच मापाचा, त्याच कंपनीचा अस्सल स्विचही फोडून शेजारी ठेवला. अस्सल स्विचमध्ये ज्या दोन जागा एकमेकींना टेकतात, तिथे तिळाएवढे चांदीच्या मिश्रधातूचे ठिपके होते, जाड आणि स्वच्छ. आमच्या स्विचमध्ये ठिपक्याच्या जागी नुसता पातळ मुलामा होता, तो जळून खड्डा पडला होता आणि पत्र्याचे दोन्ही तुकडे एकमेकांना चिकटून बसले होते. काकांनी आमच्या फ्रीजवरचा चुंबक मागून घेतला. अस्सल स्विचच्या टर्मिनलला तो चिकटला नाही, आमच्या स्विचच्या टर्मिनलला मात्र टपकन चिकटला. “पेच आणि स्प्रिंग लोखंडी असू शकतात,” ते म्हणाले, “पण तार ज्यात बसते ते टर्मिनल पितळी हवे. हे लोखंड आहे, वरून पिवळा रंग दिलेला.” वजनातला फरक तर हातावर घेताच कळत होता.

एवढ्यावर भागले नाही. गिझरच्या वायरीतल्या सगळ्या तारा त्या लहान टर्मिनलमध्ये मावत नव्हत्या, म्हणून आमच्या इलेक्ट्रिशियनने निम्म्याअधिक तारा कापून टाकल्या होत्या. उरलेल्या तारांवरचा पेचही सैल होता.

मी काकांना विचारले की एवढे तापत होते, तर एमसीबी आपोआप का पडला नाही. त्यांचे उत्तर मला सर्वांत महत्त्वाचे वाटते. आमचा गिझर 2,000 वॅटचा आहे, म्हणजे 230 व्होल्टवर तो सुमारे 8.7 अँपिअर घेतो, आणि त्याच्यासाठी 16 अँपिअरचा एमसीबी लावलेला आहे. एमसीबीला फक्त प्रवाह किती वाहतो ते कळते; तो मर्यादेत आहे तोवर एखाद्या जोडावर उष्णता साठते आहे की नाही, हे त्याला कळण्याचा मार्गच नाही. वीज बाहेर झिरपत नसल्यामुळे आरसीसीबी, म्हणजे विजेची गळती झाली की पडणारा खटका, तोही पडत नाही. उष्णता वाढते ती प्रवाहाच्या वर्गाला जोडाच्या रोधाने, म्हणजे तिथे प्रवाहाला होणाऱ्या अडथळ्याने, गुणून. चांगल्या स्विचमध्ये हा रोध ओहमच्या काही हजारांशाइतका असतो, त्यामुळे 8.7 अँपिअरला अर्ध्या वॅटहूनही कमी उष्णता निघते आणि ती सहज विरून जाते. तोच रोध खराब टोकांमुळे किंवा सैल पेचामुळे ओहमच्या दहाव्या भागापर्यंत गेला, तर साडेसात वॅट उष्णता निघते. आपण ज्याला झिरोचा बल्ब म्हणतो, तो 12 ते 15 वॅटचा असतो आणि हाताला चांगला चटका देतो. त्याच्या निम्मी उष्णता तिळाएवढ्या जागेत, भिंतीतल्या बंद डबीत, रोज पहाटे कोंडली जात होती. शिवाय तापलेल्या धातूवर काजळी धरते, स्प्रिंगचा जोर कमी होतो, त्यामुळे रोध आणखी वाढतो, आणि दुखणे आपले आपणच वाढत जाते.

यावरून साधा नियम असा निघतो की साध्या स्विचने गरम होता कामा नये. गिझर किंवा एसी वीस मिनिटे चालल्यावर स्विचला हात लावला, तर फार तर कोमट लागावा. बोट ठेवता येत नसेल, तर तो स्विच त्याच दिवशी बदलला पाहिजे, मग सांगणारा काहीही सांगो.

डिमरची गोष्ट वेगळी आहे, आणि तीही काकांनी समजावून सांगितली. डिमरमध्ये ट्रायॅक नावाचा घटक असतो. तो विजेच्या प्रत्येक अर्ध्या लाटेचा काही भाग कापतो, म्हणजे आपल्याकडच्या 50 हर्ट्‌झच्या पुरवठ्यात सेकंदाला शंभर वेळा चालू-बंद होतो. हे करताना त्याच्यावर एक-दीड व्होल्ट खर्च होतात. साध्या तारेच्या बल्बांचा 400 वॅटचा भार असेल, तर दोन-अडीच वॅट उष्णता निघणारच, आणि तेवढी ऊब दोष मानण्याचे कारण नाही. परंतु आमच्या हॉलमधल्या आठ एलईडींचा एकूण भार अवघा 72 वॅटचा होता. तेवढ्यावर डिमर जवळपास थंडच राहायला हवा होता. तो तापत होता, कारण ते एलईडी डिमरवर चालण्यासाठी बनवलेलेच नव्हते. अशा दिव्यातल्या कपॅसिटर या वीज साठवणाऱ्या भागाला कापलेली लाट मिळाली की तो प्रवाह एकदम झटक्याने ओढतो, सेकंदाला शंभर झटके, आणि त्यात डिमर व दिवा दोन्ही झिजतात. आमचे दिवे मंद केले की लुकलुकत आणि त्यांतून बारीक गुणगुण येई, त्याचे कारण हेच होते. दोन महिन्यांत तीन दिवे गेले, आणि प्रत्येक वेळी त्याच माणसाने नवा दिवा आणून त्याचे पैसे घेतले. दिव्याच्या खोक्यावर ‘डिमेबल’ असा शब्द नसेल, तर तो दिवा डिमरवर लावू नये. ही गोष्ट त्याला ठाऊक नसेल, असे मी मानायला तयार नाही.

मग काकांनी घरातला प्रत्येक बोर्ड उघडला. बाहेरच्या प्लेटी आणि चौकटी सगळ्या अस्सल होत्या. आतल्या 34 स्विचपैकी 25 बनावट निघाले. ज्या दोन खोक्यांतला माल आमच्यासमोर फोडला होता, तेवढाच खरा होता. बनावट स्विचच्या पाठीवर आयएसआयचे चिन्ह होते, पण त्याच्याखाली ‘सीएम/एल’ या अक्षरांनी सुरू होणारा परवाना क्रमांक नव्हता. घरगुती स्विचसाठी आयएस 3854 हे भारतीय मानक आहे आणि हे चिन्ह सक्तीचे आहे. चिन्हाच्या वर मानकाचा क्रमांक आणि खाली परवाना क्रमांक असायला हवा. भारतीय मानक ब्यूरोच्या ‘बीआयएस केअर’ या अ‍ॅपमध्ये हा क्रमांक टाकला की परवाना कोणत्या उत्पादकाला, कोणत्या वस्तूसाठी दिलेला आहे ते समोर येते. दोन मिनिटांचे काम आहे, आणि आम्ही ते माल बसवण्याआधी केले असते तर एकही बनावट स्विच भिंतीत गेला नसता.

इलेक्ट्रिशियनला घरी बोलावून टेबलावरचे दोन्ही स्विच दाखवले, तेव्हा त्याने दुकानदाराकडे बोट दाखवले. दुकानदाराने बिल मागितले आणि ते नाही म्हटल्यावर आपला संबंधच झटकला. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या 1915 या क्रमांकावर मी तक्रार नोंदवली, तिथेही पहिला प्रश्न बिलाचाच आला. आम्हाला आधार मिळाला तो 30,000 रुपये यूपीआयने दिले होते त्याच्या नोंदीचा आणि इलेक्ट्रिशियनने व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवलेल्या दरपत्रकाचा, ज्यात कंपनीचे नाव स्पष्ट लिहिलेले होते. जिल्हा ग्राहक आयोगात पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराच्या तक्रारीला शुल्क लागत नाही आणि कारण घडल्यापासून दोन वर्षांत ती करता येते, हे त्याला सांगितल्यावर त्याने दोन हप्त्यांत 12,000 रुपये परत केले. सगळे स्विच आणि डिमर बदलायला आम्हाला त्याहून बरेच जास्त लागले.

या वेळी माल आम्ही स्वतः आणला, कंपनीच्या अधिकृत विक्रेत्याकडून, जीएसटीचे पक्के बिल घेऊन, आणि त्या बिलावर प्रत्येक वस्तूची संख्या व अँपिअर लिहून घेतले. दिवे-पंख्यांना 6 अँपिअरचे, इस्त्री आणि मिक्सरच्या सॉकेटला 16 अँपिअरचे आणि गिझरला फेज व न्यूट्रल दोन्ही तोडणारा डबल पोल स्विच लावला. बसवण्याआधी प्रत्येक स्विच काकांनी हातात घेऊन पाहिला, आणि मीही पाहिला. पेच आवळल्यावर प्रत्येक वायर ओढून बघायची त्यांची पद्धत आहे. महिन्याने येऊन त्यांनी गिझर आणि एसीचे पेच पुन्हा आवळले, त्याचे पैसे घेतले नाहीत. मजुरी सुटी ठरवा आणि माल आपण आणा, एवढे मी सर्वांना कळकळीने सांगते. जो कारागीर मजुरीला चोख दाम मागतो तो महाग वाटला तरी चालेल; मालाच्या सुटीतून स्वस्त पडणारे काम आम्हाला फार महागात गेले.

त्या माणसाने आमच्या इमारतीत आणखी तीन घरांत काम केले होते. आम्ही तिघांनाही कळवले. पहिल्या मजल्यावरच्या वहिनींकडे गिझरचा स्विच मागून तपकिरी झालेला सापडला, शेजारच्या घरात एसीचा. तिसरे कुटुंब मुलाकडे बंगळूरला गेलेले आहे. किल्ली सेक्रेटरींकडे असल्यामुळे त्यांच्या परवानगीने फ्रीज रिकामा करून मेन पाडून ठेवला आहे, आणि ते येईपर्यंत कुणी तो वर करू नये म्हणून बोर्डावर चिठ्ठी चिकटवली आहे.