विश्रामबागेतील रविवारची शिकवणी : समतोल किमतीचे गणित आणि बेदाण्याचा सौदा

सांगलीच्या मार्केट यार्डातील एका अडत दुकानात मी हिशेब लिहितो आणि बहिःस्थ विद्यार्थी म्हणून अर्थशास्त्र घेऊन बी.ए. करीत आहे. मागणी व पुरवठ्याच्या रेषीय समीकरणांवरून समतोल किंमत, म्हणजे मागणी आणि पुरवठा जुळतात तो भाव, काढण्याचे प्रकरण दोनदा वाचूनही उमगले नव्हते, म्हणून विश्रामबागेतील एका खासगी शिकवणीत आठ रविवारांचा वर्ग लावला. शुल्क १,८०० रुपये होते आणि ते वाया गेले नाही.

पहिल्याच तासाला सरांनी सूत्र न सांगता बेदाण्याचा सौदा उदाहरणाला घेतला. किलोचा भाव ‘कि’ रुपये धरला, तर मागणी ‘मा’ = ९०० − ३कि आणि पुरवठा ‘पु’ = २कि − १००, दोन्ही क्विंटलमध्ये; आकडे केवळ समजण्यासाठी आहेत, हे त्यांनी आधीच स्पष्ट केले. दोन्ही बाजू सारख्या मांडल्या की ५कि = १,००० होतात, म्हणजे भाव २०० रुपये आणि माल ३०० क्विंटल. इतके कोणतेही गाईड करून देते. सरांनी मात्र उत्तर तिथे सोडले नाही. भाव २२० धरला तर मागणी २४० आणि पुरवठा ३४० येतो, म्हणजे १०० क्विंटल माल पडून राहतो आणि बोली खाली येते; १८० धरला तर तितक्याच मालाची टंचाई पडून व्यापारी एकमेकांवर बोली चढवतात. हे फळ्यावर स्वतः करून पाहिल्यावर ‘समतोल’ हा शब्द मला पहिल्यांदा खऱ्या अर्थाने कळला.

पुरवठ्याच्या समीकरणातील उणे १०० चाही अर्थ त्यांनी लावून दिला : किलोला ५० रुपयांपर्यंत भाव असेल, तर कोणीच माल विकणार नाही. मी विचारले की सौद्याच्या दिवशी आलेला माल ठरलेलाच असतो, मग भावाबरोबर पुरवठा वाढतो कसा? त्यांनी दिलेले उत्तर मी दुकानात रोज पाहत होतो, तरी मला सुचले नव्हते. भाव पटला नाही तर शेतकरी सौदा मान्य करीत नाही, बेदाणा शीतगृहातच ठेवतो. म्हणून आवक आणि पुरवठा यांना एकच समजू नये. कोथिंबिरीला ही सोय नाही, तिची पुरवठा रेषा त्या दिवसापुरती जवळजवळ उभीच असते, म्हणजे भाव कितीही असला तरी विकायचा माल जवळजवळ तेवढाच राहतो.

आलेखाचा भाग मात्र कच्चा राहिला. अर्थशास्त्रात किंमत उभ्या अक्षावर घेण्याची रीत अर्थशास्त्रज्ञ आल्फ्रेड मार्शल यांच्या १८९० च्या ग्रंथापासून रूढ झाली, तर समीकरणात किंमत स्वतंत्र चल, म्हणजे गणितात एरवी आडव्या अक्षावर घेतात ती राशी, असते; त्यामुळे आलेख काढण्यापूर्वी मागणीचे समीकरण उलटवून कि = ३०० − मा/३ असे मांडावे लागते आणि रेषेचा उतार उणे एक तृतीयांश येतो. छापील टिपणांत तोच उतार उणे ३ दिला आहे. गणित न घेतलेला विद्यार्थी इथे हमखास अडकतो, आणि ही चूक दाखवूनही टिपणे बदलली गेली नाहीत, याचे मला वाईट वाटते.

कराचा भाग शेवटच्या तासात घाईने उरकला, वास्तविक सगळ्यात जास्त शिकण्यासारखे तिथेच होते. विक्रेत्यावर किलोमागे २५ रुपये कर बसवला तर पुरवठा २(कि − २५) − १००, म्हणजेच २कि − १५० होतो. नवा भाव २१० येतो आणि विक्री २७० क्विंटलवर उतरते. ग्राहकाला दहा रुपये जास्त मोजावे लागतात, विक्रेत्याच्या हाती १८५ उरतात, म्हणजे २५ पैकी १५ रुपयांचा भार त्याच्यावर पडतो. कारण या उदाहरणात भावाला मागणी जितकी हलते तितका पुरवठा हलत नाही. कर विक्रेत्याकडून वसूल झाला म्हणजे सगळा भार त्याचाच, किंवा तो सगळा ग्राहकावर ढकलला जातो, हे दोन्ही समज मी दुकानात वर्षानुवर्षे ऐकत आलो आहे. हे गणित मी घरी बसून सोडवले. ते वर्गात, सर्वांसमोर व्हायला हवे होते.

बारावी वाणिज्य किंवा बी.ए.च्या पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याने हा वर्ग जरूर लावावा. टिपणांवर विसंबू नये, सोबत आलेख-वही न्यावी आणि कराच्या गणितासाठी सरांकडून वेगळा तास आधीच मागून घ्यावा.