सँडबॉक्सी प्लस : सात महिन्यांनंतर

काकांच्या स्टेशनरी दुकानातला बिलिंगचा प्रोग्रॅम बारा वर्षं जुना. विकणारा आता फोन उचलत नाही. नव्या लॅपटॉपवर तो चालायचा, पण उघडला रे उघडला की अख्ख्या विंडोजची तारखेची मांडणी बदलून टाकायचा आणि माझ्या एक्सेल शीट्सची वाट लागायची. म्हणून त्याला सँडबॉक्सीत कोंडला, म्हणजे प्रोग्रॅमला बंद खोक्यात चालवून त्याचे बदल बाकी विंडोजपासून वेगळे ठेवणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये. विंडोजचा स्वतःचा सँडबॉक्स होम आवृत्तीत मिळत नाही, शिवाय बंद केला की सगळं विसरतो. बिलांना तो काय कामाचा? सँडबॉक्सी 2004 पासूनचं, 2020 पासून ओपन सोर्स.

तारखेचा त्रास पहिल्याच दिवशी संपला. प्रोग्रॅमला वाटतं आपण रजिस्ट्री, म्हणजे विंडोजच्या सेटिंग्जची नोंदवही, बदलली. प्रत्यक्षात ते बदल खोक्याच्या 'रेगहाइव्ह' फाइलीत पडतात. नकाशावर ट्रेसिंग पेपर ठेवून रेघोट्या माराव्यात, तसं.

हे मला कळलं होतं, पण फक्त रजिस्ट्रीपुरतं. तीन आठवड्यांनी बॅकअपचा पेनड्राइव्ह सहज उघडला तर बिलांच्या फाइलीवर तारीख खोकं बनवलं त्या दिवशीची. डी ड्राइव्हवरची मूळ फाइलही तशीच. पोटात गोळा आला. काकांना काही बोललो नाही. फाइलींचे बदलही खोक्यातच पडत होते; सगळी बिलं सापडली सी ड्राइव्हच्या 'सँडबॉक्स' फोल्डरात, खोक्याच्या आतल्या 'ड्राइव्ह\डी'मध्ये. आदल्याच रविवारी मी खोकं रिकामं करणारं 'डिलीट कंटेंट' दाबता दाबता राहिलो होतो!

मग बिलांच्या फोल्डरला 'ओपन' परवानगी दिली, म्हणजे प्रोग्रॅमने खोक्याबाहेरच्या खऱ्या फोल्डरात थेट लिहावं. ढिम्म फरक नाही. प्रोग्रॅमच खोक्याच्या आत इन्स्टॉल केलेला असेल तर 'ओपन फॉर ऑल' द्यावं लागतं, हे शोधण्यात एक अख्खी संध्याकाळ गेली. त्यातच गेल्या वर्षीची 112 एमबीची फाइल का फक्त वाचता येत होती, तेही उलगडलं: फाइल बदलण्याआधी खोक्यात तिची नक्कल होते, आणि त्या नकलेची मर्यादा 81920 किलोबाइट होती, म्हणजे 80 एमबी. फोल्डर थेट उघडल्यावर नकलेचा प्रश्नच मिटला.

कधीकधी 'प्रोग्रॅम आधीच चालू आहे' असा निरोप येतो. मागे एखादी प्रोसेस लोंबकळत राहिलेली असते; खोक्यावर राइट क्लिक करून सगळे प्रोग्रॅम बंद करायचे. टास्क मॅनेजरमधले 'सँडबॉक्सीआरपीसीएसएस' आणि 'सँडबॉक्सीडीकॉमलाँच' पाहून भाचा व्हायरस म्हणून ओरडला होता. ती खोक्याचीच माणसं, खोकं रिकामं झालं की जातात.

ड्रायव्हर लागणारं काही मात्र आत बसवायला जाऊ नका, डोकेदुखी आहे. प्रिंटर आधीपासून बाहेर बसवलेला होता, तो बिनतक्रार चालतो.

खिडकीच्या नावाभोवती चौकोनी कंसात हॅशची खूण येते. काका तिला 'जाळी' म्हणतात आणि जाळी दिसल्याशिवाय बिल फाडत नाहीत. प्रोग्रॅम खोक्याबाहेर मुळात नाहीच, हे मी त्यांना सांगितलेलं नाही.