सर्वसाधारण एमबीए की एका क्षेत्राचं व्यवस्थापन?

एमबीएच्या सीईटीचा निकाल लागला की कॅपचा, म्हणजे केंद्रीय प्रवेश फेरीचा, फॉर्म भरायच्या आधी मला पाच-सहा तरी फोन येतात. कुणी बीएस्सी अ‍ॅग्री, कुणी बीकॉम, कुणी फार्मसी झालेलं. प्रश्न एकच असतो: मार्केटिंग-फायनान्सचं नेहमीचं एमबीए करू, की ग्रामीण, सहकार, हॉस्पिटल, बँकिंग असं एखाद्या क्षेत्राचं व्यवस्थापन शिकू? मी स्वतः मुंबई विद्यापीठाचं एमएमएस, म्हणजे एमबीएच्याच तोडीची पदवी, केलं आणि पुढची नऊ वर्षं एका दूध संघात काढली. त्यामुळे या प्रश्नाला एका वाक्यात उत्तर देणं मला जमत नाही, आणि द्यावंसंही वाटत नाही.

पहिल्या वर्षाचे अभ्यासक्रम शेजारी ठेवलेत तर फारसा फरक दिसणार नाही. हिशेब, संख्याशास्त्र, अर्थशास्त्र, माणसांची वागणूक हे सगळीकडे आहे. फाटा फुटतो तो संस्थेचा मालक कोण, या मुद्द्यावर. नेहमीच्या एमबीएत डोळ्यांसमोर कंपनी असते. भागधारकांनी पैसा घातलेला, कच्चा माल स्वस्तात घ्यायचा, पक्का माल चांगल्या भावात विकायचा, मधला फरक वाढवायचा. बहुतेक विषय या चौकटीत नीट बसतात.

दूध संघात मी पहिल्या वर्षी अंदाजपत्रकाचं टिपण केलं, तेव्हा खरेदी दर लिटरमागे एक रुपयानं उतरवला तर किती बचत होईल, हे पहिल्याच पानावर मांडलं होतं. आकडेमोड बरोबर होती. एका वयस्कर संचालकांनी कागद शांतपणे वाचला आणि विचारलं, "साहेब, ही बचत कुणाची?" ज्याच्याकडून आम्ही दूध घेत होतो तो शेतकरीच संघाचा सभासद होता, म्हणजे मालक होता. त्याला जास्तीत जास्त दर देता यावा म्हणून तर संघ काढलेला. तिथं खर्च कमी करायचा तो वाहतुकीत, विजेत, नासलेल्या दुधात. उरलेला पैसा दिवाळीच्या तोंडावर दूध दर फरक म्हणून परत त्याच्याच घरी जातो. दोन वर्षांच्या शिक्षणात हा प्रश्न मला एकदाही कुणी विचारला नव्हता.

आणंदच्या ग्रामीण व्यवस्थापन संस्थेत, म्हणजे इर्मात, शिक्षणाची सुरुवात नेमकी इथून होते. गुजरातमधल्या खेडा जिल्ह्याचा दूध संघ, म्हणजे आजचं अमूल, १९४६ सालचा. त्रिभुवनदास पटेलांनी तो उभा केला आणि वर्गीस कुरियन यांनी तो चालवून दाखवला. पुढं १९७० पासून ऑपरेशन फ्लड या देशव्यापी दूध योजनेत गावोगाव दूध संस्था निघाल्या आणि शेतकऱ्याला मालक मानून काम करतील अशा शिकलेल्या व्यवस्थापकांची गरज पडली. त्यासाठी कुरियन यांनी १९७९ मध्ये इर्मा काढली. तिथल्या विद्यार्थ्याला काही आठवडे खेड्यात राहावं लागतं, आणि तो अभ्यासक्रमाचाच भाग असतो. २०२५ मध्ये संसदेनं कायदा करून या संस्थेतच त्रिभुवन सहकारी विद्यापीठ स्थापन केलं आहे. आपल्याकडे पुण्यात वैकुंठ मेहता राष्ट्रीय सहकार व्यवस्थापन संस्था आहे. कृषी-व्यवसाय आणि सहकार यांत रस असेल तर तिचा विचार आधी करा. कृषी पदवीधरांसाठी हैदराबादची मॅनेज, म्हणजे राष्ट्रीय कृषी विस्तार व्यवस्थापन संस्था, हाही पक्का पर्याय आहे.

फायनान्स तर फायनान्सच, क्षेत्र बदललं म्हणून काय बदलणार, असं पुष्कळांना वाटतं. साखर कारखाना घ्या. गाळप चार-पाच महिने चालतं. ऊस आला की १४ दिवसांत एफआरपीचे, म्हणजे सरकारनं ठरवलेल्या किमान दराचे, पैसे शेतकऱ्याला द्यावे लागतात, कायदाच तसा आहे. साखर मात्र वर्षभर हप्त्या-हप्त्यानं विकली जाते. मग गोदामातली साखर तारण ठेवून बँकेकडून उचल घ्यायची, साखर विकेल तशी ती फेडायची, आणि दर पडला की तारणाची किंमतही पडते. त्यात तोडलेला ऊस थांबत नाही. उन्हात पडून राहिला की वजन घटतं, साखरेचा उतारा घटतो. म्हणून शेतकी विभागाचा तोडणी कार्यक्रम चुकला, ऊसतोडीच्या टोळ्या वेळेवर आल्या नाहीत, की 'नो केन', म्हणजे ऊसच नाही, म्हणून गाळप बंद पडतं आणि त्याचा फटका थेट लेखा विभागात दिसतो. खेळत्या भांडवलाचं सूत्र कुठल्याही वर्गात शिकता येईल. गट ऑफिसात उसाच्या नोंदी ठेवणाऱ्या चिटबॉयच्या वहीत ते सूत्र कसं दिसतं, हे शिकायला शेतकी विभागात बसावं लागतं.

हॉस्पिटलची गोष्ट आणखी निराळी. तिथं सगळ्यात महत्त्वाचा निर्णय डॉक्टर घेतो आणि डॉक्टरला व्यवस्थापक हुकूम देऊ शकत नाही. पेशंट गिऱ्हाइकासारखा चार दुकानं फिरून भावही करू शकत नाही. माझ्या ओळखीतली एक मुलगी फार्मसीनंतर याच पेचात होती. मी तिला एका ट्रस्टच्या हॉस्पिटलात तीन आठवडे डिस्चार्जच्या टेबलाशी बसायला सांगितलं. सकाळी दहाच्या राऊंडला डॉक्टर म्हणतात, "आज घरी जा." मग समरी टाइप व्हायची, उरलेली औषधं फार्मसीत परत जायची, बिल बनायचं, विम्याची मंजुरी यायची. पेशंट उठतो संध्याकाळी सहाला. तोवर कॅज्युअल्टीत दुसरा कुणीतरी त्याच खाटेची वाट बघत स्ट्रेचरवर पडलेला. तिनं रोज वेळा लिहून काढल्या आणि सगळ्यात जास्त वेळ औषधं परत करण्यात जातो, हे तिला दिसलं. त्या वहीनंच तिचा निर्णय केला. देवनारच्या टाटा सामाजिक विज्ञान संस्थेत हॉस्पिटल प्रशासनाचा अभ्यासक्रम जुना आहे आणि चांगला आहे.

या क्षेत्रात व्यवस्थापन काय करू शकतं, याचं मला सगळ्यात आवडणारं उदाहरण मदुराईच्या अरविंद नेत्र रुग्णालयाचं. डॉ. वेंकटस्वामी यांनी निवृत्तीनंतर १९७६ मध्ये ११ खाटांवर ते सुरू केलं. ऑपरेशन थिएटरात दोन टेबलं शेजारी-शेजारी. एकावर शस्त्रक्रिया चालू असताना दुसऱ्यावर पुढच्या पेशंटची तयारी पूर्ण होते आणि सर्जन फक्त वळतो. सर्जनचा वेळ वाया जात नाही, खर्च उतरतो आणि कितीतरी पेशंटांचा मोतीबिंदू फुकट किंवा अगदी थोड्या पैशांत काढता येतो.

बँकिंगसाठी पुण्याची एनआयबीएम आणि बांधकाम व्यवस्थापनासाठी निकमार ही नावं तुम्हाला ठाऊक असतील. नोकरी त्याच क्षेत्रात करायची हे नक्की असेल, तर तिथं फार खल करायला नको.

आता दुसरी बाजू. सर्वसाधारण एमबीएची ताकद मी मनापासून मानतो. अहमदाबादच्या आयआयएमनं १९६१ मध्ये हार्वर्डच्या मदतीनं सुरुवात केली, तेव्हापासून केस पद्धत, म्हणजे एखाद्या संस्थेचा खरा पेच वर्गात सोडवणं, हा तिथल्या शिक्षणाचा कणा आहे. आज साबणाची कंपनी, उद्या बँक, परवा रेल्वे. अपुऱ्या माहितीवर निर्णय घेऊन तो शंभर जणांसमोर मांडायची सवय लागते, आणि ती कुठल्याही क्षेत्रात उपयोगी पडते. मुंबईचं जमनालाल बजाज १९६५ पासून आहे, आणि पूर्वीचं निटी २०२३ पासून आयआयएम मुंबई झालं आहे. अशा ठिकाणी प्रवेश मिळत असेल आणि आपल्याला काय करायचंय हे ठरलेलं नसेल, तर डोळे झाकून घ्या. तिशीनंतर क्षेत्र बदलायचं झालं तर ही पदवी दार उघडते. क्षेत्राच्या पदवीला तेवढी वाट मिळत नाही, हे मान्य करायला हवं.

पैशाचं स्पष्ट बोलतो. जुन्या आयआयएमचं दोन वर्षांचं शुल्क २० लाखांच्या वर जातं. २० लाखांचं कर्ज १० टक्क्यांनी दहा वर्षांसाठी घेतलं तर हप्ता साधारण २६ हजार बसतो. एवढा हप्ता डोक्यावर घेऊन दूध संघात किंवा स्वयंसेवी संस्थेत टिकणं अवघड. ग्रामीण क्षेत्राची ओढ खरी असेल तर शुल्काचा आकडा आधी बघा. सरकारी आणि विद्यापीठाच्या विभागात ते बरंच कमी असतं. एमबीए की पीजीडीएम यावर मात्र उगाच रात्र जागवू नका. एक विद्यापीठाची पदवी, दुसरा एआयसीटीईमान्य डिप्लोमा, खासगी नोकरीत फरक पडत नाही. सरकारी भरतीचा विचार असेल तर समकक्षतेची मान्यता तेवढी तपासा.

एक सावधगिरी. पुष्कळ कॉलेजांत 'अ‍ॅग्री-बिझनेस' किंवा 'हॉस्पिटल' म्हणजे दुसऱ्या वर्षातले तीन-चार पेपर एवढंच असतं. माहितीपत्रक बाजूला ठेवून थेट विचारा: गेल्या वर्षी समर इंटर्नशिपला किती मुलं त्याच क्षेत्रात गेली? शिकवणाऱ्यांपैकी कितीजणांनी तिथं काम केलंय? उत्तर गुळमुळीत आलं तर त्यापेक्षा साधं मार्केटिंग-फायनान्स बरं.

माझं मत विचाराल तर, ज्या क्षेत्राचं काम तुम्ही जवळून पाहिलंय, त्याच क्षेत्राचं व्यवस्थापन घ्या. पाहिलेलं नसेल आणि नुसती ओढ असेल, तर फॉर्म भरण्याआधी महिनाभर तिथं जा. पहाटे साडेपाचला संकलन केंद्रावर उभे राहा, फॅट कमी लागली म्हणून बाई भांडतात ते ऐका, सचिव त्यांना काय उत्तर देतो ते बघा. गेल्या वर्षी एक मुलगा असा पंधरा दिवस राहून आला आणि म्हणाला, "काका, मला शहरातच काम करायचंय." त्यानं जमनालालचा पर्याय वर टाकला. मला त्याचा निर्णय पूर्ण पटला.